अशक्य फिजिक्सची अकादमी गच्चीवर कशी काढायची (पुण्यात, कमी पैशात, सोसायटीची बोलणी खाऊन)

अशक्य वाटणाऱ्या किंवा अशक्य म्हटल्या जाणाऱ्या गोष्टी पोरांबरोबर करून तपासायच्या, एवढीच ही अकादमी. सगळ्यात आधी वसुदेव प्याला मिळवा. बाकी काही नसलं तरी चालेल पण हा पाहिजेच. जुन्या घरांत आजीच्या भांड्यांत सापडतो कधीकधी, पितळेचा, मधोमध बाळकृष्णाला घेऊन उभा असलेला वसुदेव, त्यात पाणी ओतत जायचं आणि कृष्णाच्या पायाला पाणी लागलं रे लागलं की यमुना ओसरते, म्हणजे खालून सगळं पाणी निघून जातं, थोडंथोडकं नाही, अख्खा प्याला रिकामा. माझ्याकडे माहेरून आलेला आहे. बिल्डिंगमधल्या पोरांना पहिल्या दिवशी तो दाखवला की एक तरी जण विचारतो, मावशी आत मोटर आहे का. मोटर नाही, वसुदेवाच्या आत एक वाकलेली नळी आहे, पाणी त्या वाकाच्या वर गेलं की पलीकडच्या लांब टोकाने ते पडायला लागतं आणि मागच्या पाण्याला ओढत नेतं, आपण टाकीतून नळीने पाणी काढतो तसंच. नाही मिळाला तर प्लॅस्टिकचा ग्लास घ्या, बुडाला भोक पाडा, वाकणारी स्ट्रॉ छत्रीच्या मुठीसारखी वाकवून त्यातून घाला, आखूड टोक आत बुडाजवळ, लांब टोक भोकातून खाली, आणि भोक एमसीलने बंद. एमसील नीट वाळू द्या, आमचे पहिले दोन ग्लास घाईमुळेच गळले.

आणि मग तो प्रश्न विचारा ज्यावर ही अख्खी अकादमी चालते: बिल कुणी भरलं? पाणी स्ट्रॉमधून वर चढलं ना, मग वर चढायचे पैसे कुणी दिले? उत्तर सोपंय, शेवटी सगळं पाणी सुरुवातीपेक्षा खाली गेलेलं असतं, त्या उतरण्यातून चढाईचं बिल भागलं आणि वर थोडे पैसे उरले. एवढं एक पोरांना कळलं ना की पुढे यंत्र कितीही जादूचं असू दे, ती बरोबर खिशाकडे बघतात.

जागेचं सांगते. गच्ची बेस्ट, पार्किंग सेकंड बेस्ट. परवानगी मागताना "अशक्य" हा शब्द वापरू नका, मी जनरल बॉडी मीटिंगमध्ये वापरला आणि पाऊण तास फक्त त्याच्यावर गेला, एका काकांना वाटलं मी भुताखेतांचं काहीतरी काढतेय आणि दुसऱ्यांना वाटलं स्फोट होणार. "मुलांचे विज्ञानाचे प्रयोग, रविवारी नऊ ते अकरा" एवढंच लिहून द्या. दुपारी एकनंतर आवाज नको ही अट आपोआप येतेच.

मग एक वही. मोठी, हिशोबाची, लाल कापडी बांधणीची मिळाली तर उत्तम, अप्पा बळवंत चौकात मिळते. पाच रकाने आखा: काय म्हणणं आहे, कुठला नियम अडवतोय, बिल कुणी भरलं, आम्ही काय पाहिलं, तारीख. नियम एकच, तिसरा रकाना भरल्याशिवाय कोणी "शक्य" पण म्हणायचं नाही आणि "अशक्य" पण म्हणायचं नाही. दुसरा भाग जास्त अवघड जातो, विशेषतः इंजिनियर लोकांना, ते आले की लगेच हात झटकून "हे होतच नाही" म्हणतात आणि का होत नाही विचारलं की चहा मागतात.

आता विभाग. किती काढायचे ते तुमच्यावर आहे, पण कायम फिरत राहणारं चाक, हा विभाग नसेल तर अकादमी काढूच नका. आणि हा आपल्या घरचाच विषय आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली सिद्धांतशिरोमणी लिहिला, त्यात असं चाक आहे, आरे पोकळ, प्रत्येकात अर्धा पारा, एकदा फिरवलं की पारा एका बाजूला बाहेर सरकतो आणि चाक आपलं आपण फिरत राहतं असं म्हटलंय. आणि अकादमीची कल्पनासुद्धा नवीन नाही बरं का, त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवायला चाळीसगावजवळ पाटणला मठ काढला होता, त्याचा शिलालेख आहे. त्या मठात कोणी ते चाक बनवून बघितलं असेल का, हा विचार माझ्या डोक्यात नेहमी येतो. बघितलं असतं तर कळलं असतं.

पारा आणायचा नाही, अजिबात नाही, त्याची वाफ विषारी असते. सायकल घ्या, सीट-हँडलवर उलटी उभी करा, पुढचं चाक मोकळं फिरतं की नाही बघा, नसेल तर तेल. औषधाच्या छोट्या सारख्या मापाच्या आठ बाटल्या, सगळ्या एकाच दिशेला तिरक्या, केबल टायने आऱ्यांना बांधायच्या, अंतर सारखं. सायकल नसेल तर जुन्या बाजारात बुधवारी किंवा रविवारी नुसतं चाक मिळून जातं, घासाघीस करा. आता आधी बाटल्या अर्ध्या भरून चाकाला झटका द्या आणि मोबाईलवर वेळ लावा. मग त्याच बाटल्या काठोकाठ भरून तेवढाच झटका. पोरांकडून आधी अंदाज लिहून घ्या, हे महत्त्वाचं आहे, नाहीतर नंतर सगळे म्हणतात मला माहीतच होतं. जवळजवळ सगळे लिहितात की अर्धी भरलेली जास्त फिरणार कारण पाणी ढकलेल. होतं उलटं, अर्धी भरलेली आधी थांबतात, आणि कान लावून ऐकलं तर का ते ऐकू येतं, चाक हळू झालं की आत डुचुक डुचुक सुरू होतं, तो आवाज म्हणजेच चाकाचे पैसे खर्च होतायत, पाणी घुसळून किंचित गरम होतंय.

पण हे झालं घर्षणाचं, आणि इथे एखादं हुशार कार्टं हमखास म्हणतं की घर्षण नसेल तर? तर हे विचारा: चाक एक बाटलीएवढं पुढे सरकलं, आता चित्र कसं दिसतं? जसंच्या तसं दिसतं. पहिल्या बाटलीच्या जागी दुसरी, दुसरीच्या जागी तिसरी, पाण्याची पातळी सगळीकडे तीच. म्हणजे सगळं पाणी मिळून एक मिलिमीटरसुद्धा खाली आलं नाही. खाली आलं नाही तर पैसे कुठून आले? हे खडूने फरशीवर काढून दाखवा, बोलून कळत नाही. एका बाजूला बाटल्यांचं पाणी आसापासून लांब असतं हे खरंय, डोळा तिथेच फसतो, पण दुसऱ्या बाजूला चढणाऱ्या बाटल्या जास्त असतात आणि हिशोब बरोब्बर शून्यावर येतो. माझ्या भाचीने हे कळल्यावर तिसऱ्या रकान्यात "कोणीच नाही, म्हणून थांबलं" असं लिहिलं, आजपर्यंतची सगळ्यात चांगली नोंद आहे ती.

पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्ये ठरवून टाकलं होतं की असल्या यंत्रांचे प्रस्ताव यापुढे तपासणारच नाही. त्यांचं बरोबर होतं, वेळ जातो, लोक घरदार विकून असली यंत्रं करत बसायचे. पण आपली अकादमी उलटी आहे, आपण मुद्दाम तपासायचे, कारण चूक शोधण्यातच तर सगळं शिकायला मिळतं.

याच विभागात पाण्यावर चालणारी गाडी येते. दर दोन-तीन महिन्यांनी फॅमिली ग्रुपवर कोणीतरी टाकतं, आणि खाली बाकीचे लिहितात की तेल कंपन्यांनी दाबून टाकलं. वाद घालू नका, वही काढा. पाणी म्हणजे हायड्रोजनची राख समजा, आधीच जळून झालेली. ती परत फोडून हायड्रोजन काढायला १८ ग्रॅम पाण्यामागे २८६ किलोजूल लागतात, म्हणजे एका लिटरला साधारण ४.४ युनिट. आणि तो हायड्रोजन जाळला की परत मिळतात किती? तेवढेच, ४.४. तेही काहीच वाया गेलं नाही तर, आणि इंजिन म्हटलं की अर्ध्याहून जास्त वाया जातंच. म्हणजे पाण्यावर गाडी चालते हो, पण बिल बॅटरीच्या नावाने येतं. हे एकदा युनिटमध्ये सांगितलं की लोक गप्प होतात, जूलमध्ये सांगितलं तर होत नाहीत, हा माझा अनुभव.

दुसरा विभाग माझा लाडका, वॉचमन विभाग. मॅक्सवेल या भौतिकशास्त्रज्ञाने १८६७ मध्ये एक कल्पना मांडली, एक खोली, मधे भिंत, भिंतीत इवलंसं दार, दारावर एक इवलासा पहारेकरी. हवेचा जोरात येणारा कण दिसला की दार उघडून उजवीकडे सोडायचा, हळू येणारा डावीकडे. थोड्या वेळाने उजवी खोली गरम, डावी गार, फुकट एसी! वीज नाही, कॉम्प्रेसर नाही, दार हलकं आहे, बिल शून्य. बरीच वर्षं लोकांनी यावर डोकं खाजवलं. उत्तर काय निघालं माहितीये, पहारेकऱ्याचं रजिस्टर. कोण जोरात, कोण हळू हे त्याला कुठेतरी लिहून ठेवावं लागतं, आपल्या गेटवर वॉचमन गाडी नंबर लिहून घेतो तसं, आणि पानं संपली की जुनं पुसावं लागतं. १९६१ मध्ये लँडॉअर या शास्त्रज्ञाने दाखवलं की पुसणं फुकट होत नाही, एक बिट, म्हणजे हो-नाही एवढी एक नोंद, पुसला की कमीत कमी इतकी उष्णता बाहेर पडणारच, आपल्या खोलीच्या तापमानाला किती तर दशांशचिन्हानंतर वीस शून्यं आणि मग ३, एवढे जूल. हास्यास्पद कमी आहे, पण शून्य नाही, आणि वॉचमनने जेवढं कमावलं ते सगळं त्यात जातं.

हे पार्किंगमध्ये खेळून बघा, वीस मिनिटांचा खेळ आहे. खडूने दोन खोल्या आखा, मधे एक दार, दहा-बारा पोरं, अर्धी पळणारी, अर्धी गोगलगाय. एक जण वॉचमन, त्याच्या हातात पाटी, पाटीवर फक्त आठ चौकोन, प्रत्येकाला सोडताना एक चौकोन भरायचा. सुरुवातीला मस्त वर्गवारी होते. नवव्याला पाटी भरलेली. पुसायची असेल तर प्रत्येक चौकोनामागे एक लिमलेटची गोळी बँकेत जमा, आणि वॉचमनकडे गोळ्या सुरुवातीला पाचच द्यायच्या. गोळ्या संपल्या की दार कोणासाठी उघडायचं ते कळेनासं होतं आणि खोल्या परत मिसळतात, सगळा गोंधळ, तोच तर मुद्दा आहे. आमच्या खऱ्या वॉचमनदादांनी हा खेळ बघून विचारलं की रजिस्टर पुसायच्या ऐवजी नवीन आणलं तर? मी म्हटलं चालेल की, पण मग गोदाम भरेल. ते म्हणाले भरलंयच.

तरंगण्याचा विभाग थोडक्यात उरकते कारण सामान महाग पडतं. साध्या लोहचुंबकांवर लोहचुंबक नुसतं ठेवून स्थिर तरंगत नाही, सरकतं नाहीतर उलटतं, अर्नशॉ या गणितज्ञाने १८४२ मध्येच सिद्ध केलंय, तरी मुलांना तासभर प्रयत्न करू दे. मग पायरोलिटिक ग्राफाइटचा पातळ तुकडा ऑनलाइन मागवा आणि चार निओडिमियम चुंबक (छोटे पण फार जोरदार) बुद्धिबळाच्या पटासारखे, उत्तर-दक्षिण उलटसुलट लावून त्यावर ठेवा, तुकडा हवेत राहतो, खरोखर, खालून कागद सरकवता येतो. ग्राफाइटला चुंबक किंचित दूर ढकलतो आणि असल्या पदार्थांना अर्नशॉची आडकाठी लागू नाही. पाणीसुद्धा तसलंच आहे, म्हणून १९९७ मध्ये नेदरलँड्समध्ये आंद्रे गाइम आणि मंडळींनी १६ टेस्लाच्या चुंबकात जिवंत बेडूक तरंगवला. बिल? नुसतं तरंगत राहायला ऊर्जा लागत नाही, टेबलावर कप ठेवला तर टेबल कुठे दमतं. एक मात्र सिरियसली घ्या, निओडिमियमचे छोटे चुंबक लहान मुलांच्या हातात द्यायचे नाहीत, दोन गिळले तर पोटात आतड्याच्या मधून एकमेकांना चिकटतात आणि मग ऑपरेशनच.

स्वयंपाकघराचा विभाग फुकट आहे. लोखंडी तवा (नॉनस्टिक नको) मध्यम तापवून पाण्याचा थेंब टाका, चर्र होऊन गायब. मग तवा खूप तापवा, थेंब गोटीसारखा पळत सुटतो आणि कितीतरी जास्त वेळ टिकतो. जास्त गरम तव्यावर पाणी जास्त टिकतं! खाली वाफेची गादी तयार होते, ती उष्णता आत येऊ देत नाही, लायडेनफ्रॉस्टने १७५६ मध्ये लिहून ठेवलंय, आणि डोसे घालणाऱ्या प्रत्येक बाईला नाव माहीत नसलं तरी हे ठाऊक आहे. त्यानंतर टीव्हीचा रिमोट गादीवर उभं राहून हवेत फेका, तिन्ही दिशांनी फिरवून, दोन प्रकारे तो शहाण्यासारखा फिरतो आणि तिसऱ्या प्रकारे, म्हणजे बटणांची बाजू वर ठेवून पुढचं टोक उचलून कोलांटी मारायला लावला की मधेच कूस बदलतो. कितीही नीट फेका, बदलतोच. जानिबेकोव्ह या सोव्हिएत अंतराळवीराला १९८५ मध्ये अंतराळात फिरणाऱ्या नटवर हेच दिसलं होतं.

आता वेग. प्रकाशापेक्षा जोरात काही जातं का, हे विचारल्याशिवाय कोणीच राहत नाही. गंमत म्हणजे यावरचा एक मोठा पेपर आपल्याच लोकांचा आहे, १९६२ मध्ये बिलानियुक, देशपांडे आणि सुदर्शन यांनी लिहिलं की प्रकाशाच्या वेगाला खालून ओलांडता येत नाही हे कबूल, पण एखादा कण जन्मतःच पलीकडे असेल तर? टॅकियॉन हे नाव १९६७ मध्ये फाइनबर्गने दिलं. सापडलेला एकही नाही. वहीत असल्या नोंदींपुढे "नियम अडवत नाही, पण कोणी पाहिलं नाही" असं लिहा, हा रकाना रिकामा ठेवू नका, तो वेगळा प्रकार आहे.

प्रयोगासाठी तापकीर गल्लीतून गणपतीच्या डेकोरेशनची माळ आणा, ती दिवे पळतात असं वाटणारी. पळतं काय? काहीच नाही, प्रत्येक दिवा जागच्या जागी लागतो-विझतो. ती पळण्याची चाल तुम्ही हवी तेवढी वाढवू शकता, कागदावर प्रकाशापेक्षाही जास्त, कारण एका दिव्याकडून दुसऱ्याकडे काही जातच नाहीये. तसंच चंद्राचं, चंद्र साधारण ३,८४,००० किलोमीटरवर, प्रकाश सेकंदाला ३,००,००० किलोमीटर, हातात प्रचंड मोठी बॅटरी आहे समजा आणि मनगट सेकंदात साठेक अंश फिरवलं, तर चंद्राच्या अंतरावर ठिपका प्रकाशाहून जोरात सरकेल. नियम मोडला का? नाही, ठिपका म्हणजे सामान नव्हे. हे गणितच करा, गच्चीवरून आकाशात लेसर मारू नका, लोहगावला उतरणाऱ्या विमानांच्या पायलटच्या डोळ्यावर जातो, गुन्हा आहे तो.

आणि इथेच पोरांना ऑपेराची गोष्ट सांगा, गाण्याचा नाही, प्रयोगाचं नाव. २०११ मध्ये सर्न या जिनिव्हाजवळच्या प्रयोगशाळेतून इटलीला, सुमारे ७३० किलोमीटर, न्यूट्रिनो नावाचे अतिहलके कण पाठवले आणि ते प्रकाशापेक्षा ६० नॅनोसेकंद आधी पोचल्याचं दिसलं. लोकांनी पुन्हा पुन्हा तपासलं, चूक सापडेना, मग त्यांनी जाहीरच केलं की बाबांनो तुम्हीपण शोधा. शेवटी काय निघालं, एक फायबर ऑप्टिकची केबल नीट बसली नव्हती. आमच्या अकादमीत तेव्हापासून कुठलाही विचित्र आकडा आला की पहिला माणूस ओरडतो, केबल दाबून बघ.

बाहेरचे लोक दावे घेऊन येतातच, त्याची तयारी ठेवा. आमच्याकडे एक काका चुंबकावर चालणारी मोटर घेऊन आले होते, अपमान न करता म्हटलं राहू दे महिनाभर इथेच, फिरत राहिली तर आम्ही पेढे वाटू. घेऊन गेले. असल्या वेळी आंधळी चाचणी शिकवा, म्हणजे तपासणाऱ्याला उत्तर माहीत नको. १९०३ मध्ये फ्रान्समध्ये ब्लाँडलो या भौतिकशास्त्रज्ञाला एन-किरण नावाचे नवेच किरण दिसले, मग भराभर इतरांनाही दिसायला लागले, १९०४ मध्ये वुड नावाचा अमेरिकन शास्त्रज्ञ तिथे गेला आणि त्याने अंधारात यंत्रातला प्रिझम गुपचूप काढून घेतला तरी त्यांना किरण दिसतच होते! आणि पुण्यातलं उदाहरण तर याहून भारी, जयंत नारळीकर सरांनी इथल्या ज्योतिषांची चाचणी घेतली होती, १०० हुशार मुलांच्या आणि १०० गतिमंद मुलांच्या पत्रिका, २७ ज्योतिषी, प्रत्येकाला ४० पत्रिका, ओळखा कुठली कुणाची. बरोबर आली ४६ टक्के. छापा-काटा केला असता तरी ५० च्या आसपास आली असती.

नारळीकरांचं नाव निघालंच आहे तर सहल आयुकालाच, म्हणजे पुण्यातल्या खगोलशास्त्राच्या संस्थेत, काढा, ते तिथले संस्थापक संचालक. विज्ञान दिनाला, २८ फेब्रुवारीला, लोकांसाठी कार्यक्रम असतो, एरवी आधी विचारून जा. तिथे फूकोचा लंबक आहे, त्याच्यासमोर पोरांना निदान तासभर बसवा, सुरुवातीला कंटाळतात. पृथ्वी फिरते म्हणून लंबकाची दिशा वळत जाते, ध्रुवावर असता तर एका दिवसात फेरी झाली असती, पुण्याच्या अक्षांशाला साधारण ७५ तास लागतात, म्हणजे तासाला जेमतेम पाच अंश. का ७५ हे मोठ्या पोरांना गणित करू दे, अक्षांशाची साइन लागते. तिथेच मुक्तांगण विज्ञान शोधिका आहे, अरविंद गुप्तांनी कचऱ्यातून केलेली खेळणी बघून आमच्या अर्ध्या प्रयोगांचा खर्च कमी झाला.

परत येताना बसमध्ये मी सी-फील्डची गोष्ट सांगते. ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ हॉइल आणि नारळीकरांचं म्हणणं होतं विश्वाला सुरुवात नाही, ते प्रसरण पावतं आणि मधे नवीन पदार्थ तयार होत राहतो. लगेच मागच्या सीटवरून आवाज येतो, बिल कुणी भरलं? बरोबर प्रश्न! त्यांनी त्याचं उत्तर दिलेलं होतं, एक क्षेत्र मानलं ज्याची ऊर्जा ऋण आहे, पदार्थ जमेला, क्षेत्र नावे, बेरीज तीच. हिशोब चोख होता. पण १९६५ मध्ये सगळ्या आकाशातून येणारे मंद मायक्रोवेव्ह सापडले आणि बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाकडे वळले, नारळीकर मात्र शेवटपर्यंत प्रश्न विचारत राहिले. म्हणजे हिशोब जुळणं आणि खरं असणं या दोन गोष्टी आहेत, चौथा रकाना त्याच्यासाठी आहे.

आता राहिला फ्रीजर. टांझानियातला एरास्तो म्पेम्बा शाळेत असताना, १९६३ मध्ये, आइस्क्रीम करताना म्हणाला की गरम मिश्रण गारपेक्षा आधी गोठलं, सगळे हसले, १९६९ मध्ये त्याचा ऑसबर्न या भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकाबरोबर पेपर आला. अजूनही भांडण चालूय, २०१६ मध्ये काही जणांनी दाखवलं की थर्मामीटर सेंटीमीटरभर वरखाली झाला तरी निकाल फिरतो. आम्ही सारख्या वाट्या, सारखं पाणी, दोन्ही एकाच कप्प्यात, असं अकरा वेळा केलंय आणि वहीत कधी हे कधी ते. करणार असाल तर वाट्यांखाली थर्माकोलचा तुकडा ठेवा, नाहीतर गरम वाटी खालचा बर्फ वितळवून घट्ट बसते आणि तिला जास्त गारवा मिळतो, हे आम्हाला सातव्या वेळी कळलं. म्हणजे पहिल्या सहा नोंदी खोडल्या. फ्रीजर रविवारी सकाळी रिकामा लागतो, घरच्यांना शनिवारीच सांगून ठेवा, मटार खालच्या कप्प्यात.